सरकारी वकिलाची साक्ष

सरकारनं माझे पैसे अडवले याचा राग होताच, पण मेस्त्री माझ्यावर संशय घेतो हे कळलं तेव्हा मला अन्न गोड लागेना. रत्नागिरीला बंदराजवळ सरकारी दवाखाना मी बांधला, म्हणजे कंत्राट माझं आणि हात त्याचे. पहिला मक्ता घेतला तेव्हापासून चिरा लावायला हाच माणूस. आमच्यात कधी कागद झाला नाही. गवंडी यायचे ते त्याच्या शब्दावर. तो तुटला असता तर माझ्या कामावर पुन्हा कुणी थापी धरली नसती.

पाया खणताना खाली पुळण लागली, नुसती वाळू. ओव्हरसियर म्हणाला, "खोल जा, बिल होईल." गेलो. इमारत उभी राहिली, रोगी आत जाऊन औषध घेऊन बाहेरही पडू लागले, बिल मात्र कचेरीत झोपलेलं. आज साहेबांची बदली, उद्या फेरमोजणी. ओव्हरसियर तर रस्त्यात ओळखही देईना. हेडक्लार्क गोड हसायचा, आणि इतकं गोड हसणाऱ्याच्या पोटात काय असेल, कोण जाणे. शेवटी डोकं फिरलं. म्हटलं, बस्स झालं, कोर्टात खेचतो सरकारला! सरकारवर दावा लावायचा तर आधी दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते. तीही दिली.

आणि तिथंच घोटाळा झाला. मेस्त्री घरी आला. एरवी ओटीवर ऐसपैस बसणारा माणूस, त्या दिवशी अंगणातच उभा राहिला.

"शेट, वकिलाला द्यायला पैसं हायत?"

"उसने काढलेत."

"ज्याचं सरकारकडं अडाकलंय, त्याला उसनं कोन देतो?"

आता काय बोलणार, कपाळ! त्याच्या गवंड्यांचं म्हणणं असं, की सरकार कधी कुणाचे पैसे ठेवतं का? शेटनं बिल कधीच उचललंय आणि आता कोर्टाचं सोंग आणलंय. मेस्त्री रोज त्यांना तोंड देत होता. काहींची थकलेली मजुरी तर त्यानं पदरचं घालून भागवली होती. मी चिडलो, नाही नाही ते बोललो. त्यानं सगळं ऐकून घेतलं आणि निघून गेला.

दावा कोर्टात उभा राहिला, तेव्हा संशय घ्यायला मग मीही कुणाला सोडलं नाही. माझा वकील सरकारी वकिलाच्या डब्यातलं पान खाताना दिसला की वाटे, मेला विकला गेला. पट्टेवाल्यानं माझ्या नावाचा पुकारा हळू केला तरी वाटे, मुद्दाम केला.

पुढच्या तारखेला मेस्त्रीला हट्टानं बरोबर नेलं. म्हटलं, "चल, काय होतं ते स्वतःच्या डोळ्यांनी बघ." तो शेवटच्या बाकावर बसला. सरकारी वकील उठले आणि इंग्रजीत सुरू झाले. मला अर्धंमुर्धं कळत होतं, त्याला काहीच नाही. मला राहवेना. सरळ उभा राहिलो आणि हात जोडले, "साहेब, एवढं एकदा मराठीत होऊ द्या."

कोर्ट हसलं. माझ्या वकिलानं माझा कोट ओढला. पण न्यायाधीश आपल्याकडचेच होते, त्यांनी मान हलवली. सरकारी वकील माझ्याकडे बघून खेकसले, "या इसमाला सरकारनं एक पै दिलेली नाही आणि सरकार देणंही लागत नाही!"

असा आनंद मला जन्मात झाला नव्हता. माणूस माझ्याविरुद्ध बोलत होता आणि मला त्याचे पाय धरावेसे वाटत होते. वळून पाहिलं. मेस्त्री पुढं वाकून नीट ऐकत होता.

बाहेर आल्यावर मी विचारलं, "आता तरी पटलं ना?"

त्यानं इकडंतिकडं पाहिलं, मला भिंतीकडं घेतलं आणि कानाशी आला.

"शेट, खरं सांगा. असं बोलायला त्याला किती दिलंत?"

मला वाटलं, थट्टा करतोय. तोंडाकडे पाहिलं, तर नव्हता करत.