मधले आबा

पंगतीत आबा नेहमी मधोमध बसत. दोन्ही बाजूंच्या माणसांना मग अचानक काहीतरी आठवे; कुणाची गाय सुटलेली असे, कुणाला फोन येई. आबा मान वर न करता जिलेबी मागून घेत. आम्ही बौद्धवस्तीतली पोरं लाजून कडेला सरकलो, की माझे हे चुलते खेकसत, "मधी बस! कडंला बसला की कड तुझ्या नावावर चढती." गावाने चेष्टेने त्यांना ‘मधले आबा’ म्हणायला सुरुवात केली. त्यांनी ते नाव मिरवलं.

शिवताशिवत पाळणं हा गुन्हा आहे, हे कळल्यापासून त्यांनी कुणाची परवानगी मागितली नाही. "कायद्यानं दिल्यालं इच्यारायचं न्हाई. इच्यारलं की ते परत त्येंच्या हातात जातं." स्टँडवरच्या हॉटेलात आमच्यासाठी वेगळा कप असे. आबांनी एकदा तो बाजूला सारला आणि फळीवरचा, बाकीच्यांचा कप उचलून चहासाठी पुढे केला. मालकाने त्यातच चहा ओतला. पुढे तो वेगळा कप दिसेनासा झाला. कायद्याचं एवढं काम मी डोळ्यांनी पाहिलंय.

स्मशानाचं मात्र राहिलं होतं. गावच्या स्मशानभूमीवर पत्र्याचं शेड होतं, कागदोपत्री सगळ्यांचं. आमची मढी ओढ्याकाठी उघड्यावर जळत. "मला शेडातच न्यायचं," असं आबा मुलाला, बाळूदादाला, बजावून ठेवत.

ते गेले श्रावणात, झड लागलेली असताना. बाळूदादा भला माणूस. ज्यांच्यात जन्म काढायचा त्यांच्या कानावर घालावं, म्हणून तो सरपंचांकडे गेला. त्यांनी त्याला जवळ घेतलं, स्वतःचे डोळे पुसले. "आरं, कायदाच हाय, आमचं काय? पण चार जनांना इच्यारावं लागंल. उद्या बैठक घिऊ. आजच्यापुरतं ओढ्यावर उरका, भाऊ." मढं बैठकीसाठी थांबत नाही. ती बैठक अजून व्हायची आहे.

आम्ही चौघांनी चितेवर पत्रा धरला. लाकडं ओली, नुसता धूर. शेवटी डिझेल ओतावं लागलं. सगळा गाव छत्र्या घेऊन आला होता; सरपंच आबांच्या स्वाभिमानावर भरभरून बोलले. पलीकडे शेड कोरडं, रिकामं. मला इतका संताप आला की रडूही फुटेना.

नंतर मी मंचरला एका वकिलांकडे गेलो. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "नाही कोण म्हणालं?"

मी एकेकाचा चेहरा आठवत बसलो. नाही तर कुणीच म्हणालं नव्हतं.