परक्या भाषेत बोलतो

सिल्वासाजवळ मसाटच्या आमच्या कारखान्यात बॉयलरची तपासणी चालू होती, म्हणून फोन सायलेंटवर होता. बाहेर येऊन पाहतो तर मृणालचे, म्हणजे माझ्या मुलीचे, सात मिस्ड कॉल. लावला तर म्हणाली, ‘‘पप्पा, नानाकाका उठतच नाहीयेत. मी एकदम जोरात हलवलं, तरी पण नाही.’’ सिल्वासाच्या घरी पोचेपर्यंत शेजारचे डॉक्टर येऊन गेले होते. झोपेतच गेला. त्याला दीड महिना झाला.

नाना म्हणजे माझा थोरला भाऊ. आम्ही धुळ्याकडचे. मी डिप्लोमा करून इथे मेंटेनन्सला लागलो, आणि हा शिकायला म्हणून अमेरिकेला गेला तो शिक्षण सोडून टीव्हीवर नट झाला. नट म्हटलं की लोकांच्या डोळ्यांसमोर भलतंच काही येतं. नाना तीस वर्षं तिथल्या मालिकांमध्ये दिसला, पण त्याचं नाव कुणाला ठाऊक नव्हतं. हिरोच्या आईचं ऑपरेशन झालं की दारातून बाहेर येऊन मान हलवणारा डॉक्टर तो. रात्रपाळीचा दुकानदार तो, ज्याच्यावर चोर पिस्तूल रोखतात. हॉटेलच्या किल्ल्या देणारा, कॉम्प्युटर दुरुस्त करणारा, टॅक्सी चालवणारा... ‘‘मी येतो तेव्हा गोष्ट पुढे सरकते, आणि ती सरकली की मी जातो,’’ असं तो म्हणायचा. ह्यात त्याला काही कमीपणा वाटत नसे. वेळेवर पोचायचं, वाक्य पाठ हवं, उभं राहायची खूण चुकायची नाही. माझ्या फिटर लोकांनी एवढं केलं असतं तर माझे अर्धे केस काळे राहिले असते.

कधीकधी दिग्दर्शक सांगायचा, इथे तुझ्या भाषेत काहीतरी बोल, काहीही चालेल. मग नाना अहिराणीत सुटायचा. धुळ्याहून साक्रीपर्यंतचे एसटीचे थांबे रागारागाने म्हणायचा, नाहीतर भरताची वांगी कशी भाजायची ते सांगायचा. तिकडे कुणाला कळतंय! हे सगळं त्यानेच आम्हाला सांगितलेलं. मी त्याचं काम पाहिलेलं नव्हतं.

न पाहण्याचं कारण आप्पा. आमचे वडील गेले तेव्हा मी नानाला फोन लावला. तो म्हणाला, ‘‘शूटिंग आहे रे. मधे सोडलं तर परत बोलावणार नाहीत.’’ मी विचारलं, थांबू का एक दिवस? तो काहीच बोलला नाही. फोन मीच ठेवला, अग्नी मीच दिला. पुढे बरीच वर्षं दिवाळीला आणि पाडव्याला फोन व्हायचा, तब्येत बरी का, पाऊस झाला का, एवढंच. माझ्या मनातली अढी काही गेली नाही आणि घालवायची मला घाईही नव्हती.

दोन वर्षांपूर्वी त्याचं तिथलं काम संपलं. बायको केव्हाच वेगळी झालेली, मूलबाळ नाही. ‘‘येऊ का?’’ म्हणाला. नाही कोण म्हणणार? दोन बॅगा घेऊन आला आणि मागच्या खोलीत राहिला. सोसायटीच्या वॉचमनला त्याने आपण डॉक्टर व्हायचो म्हणून सांगितलं, तर तो दुसऱ्या दिवशी बायकोच्या रक्ताचा रिपोर्ट घेऊन दारात हजर! नानाने रिपोर्ट नीट पाहिला, गंभीरपणे मान हलवली आणि त्याला खऱ्या डॉक्टरकडे पाठवलं. जवळच वासोण्याच्या सफारीत सिंह बघायला नेलं तर सिंह बसकडे पाठ करून झोपलेला. ‘‘ह्यालाही डायलॉग दिलेला दिसत नाही,’’ नाना म्हणाला. आमच्या कारखान्यातल्या सुरक्षा सप्ताहात त्याने मशीनच्या बेल्टवरचं जाळीचं गार्ड काढून ठेवणाऱ्या कामगाराचं काम केलं, तेही अहिराणीत. धुळे-नंदुरबारची आमची पोरं आधी खिदळली, मग त्याचा हात बेल्टमध्ये जातो तिथे चिडीचूप. मीही मागे उभा राहून पाहत होतो. चांगलं करायचा, हे तेव्हा पहिल्यांदा कळलं, पण त्याला मी तसं म्हणालो नाही.

दहाव्याला धुळ्याहून ताई आली, आमची सर्वांत मोठी बहीण. जेवणं झाल्यावर मृणालने शोधून शोधून नानाच्या कामाचे तुकडे टीव्हीवर लावले. डॉक्टर आला, दुकानदार आला, सगळे हसू लागले. मग टॅक्सीचा प्रसंग आला. मागे जोडप्याचं भांडण चाललंय आणि नाना गाडी चालवता चालवता कानाशी फोन धरून तावातावाने बोलतोय. खाली अक्षरं येतात, ‘परक्या भाषेत बोलतो.’ मागचा माणूस ओरडतो, समोर बघ! नाना त्याला हात झटकून गप्प करतो, आणि मालिकेतल्या न दिसणाऱ्या प्रेक्षकांचा हशा होतो. आम्हीही हसलो. ताई एकदम म्हणाली, ‘‘थांब व माय. तो काय बोली राहिना? जरा मांगे ले.’’

मृणालला अहिराणी येत नाही. तिने तो तुकडा मागे नेऊन आवाज वाढवला.

‘‘दिल्या, मन्ही वाट देखू नको. आप्पाले तूच अग्नी दे. मन्हं चुकनं रे भाऊ... मन्हं चुकनं.’’

दिल्या म्हणजे मी. ताईने तोंडाला पदर लावला. मृणाल विचारत राहिली, ‘‘काय बोलले काका? पप्पा, बोलो ना!’’ आणि मला आधी आला तो रागच. मला सांगायचं ते ह्याने त्या लोकांच्या हशात सांगितलं! शूटिंग सोडून आला नाही, हे त्या वाक्यांनी बदलत नाही. आणि दोन वर्षं माझ्या घरात, माझ्या समोर बसून जेवला, तेव्हा जीभ कुठे गेली होती?

मग आठवलं. जीभ होती. आला त्याच महिन्यात एकदा जेवताना त्याने विचारलं होतं, ‘‘दिल्या, तो माझा टॅक्सीवाला पाहिलास का रे कधी?’’ मला तो विषयच नको होता. म्हटलं, ‘‘पाहिला की.’’

‘‘मग? कधी काही बोलला नाहीस.’’

‘‘काय बोलायचं? झालं ते झालं. जेव आता.’’

नाना माझ्याकडे बघत राहिला. मग त्याने डोळे पुसले, मिरचीचा ठेचा झोंबला म्हणाला, आणि आणखी एक भाकरी मागून घेतली. दोन वर्षं तो माझ्या घरात माफ झालेल्या माणसासारखा वावरला, आणि मला त्याचा पत्ताच नव्हता. टाळायला म्हणून खोटं बोललो, ते त्याला पुरलं. खरं बोललो असतो तर काय झालं असतं, ह्याचा विचार मी करून पाहिला आणि सोडून दिला.

आता कारखान्यातून आलो की मागच्या खोलीत बसून तो तुकडा पाहतो. तो हशा ऐकवत नाही. एकदा आवाज बंद करून पाहिलं, तर हशा गेला, पण नानाचंही बोलणं गेलं. नुसते ओठ हलत राहिले. म्हणून हशासकट ऐकतो.