भिंतीपलीकडचं रडगाणं

अमेरिकेत फ्रीमाँटला माझ्या लेकाच्या घराला शेजारच्या घराची भिंत लागून आहे. पलीकडे चेक देशातला एक म्हातारा राहतो. त्याचं नाव काही माझ्या जिभेवर बसत नाही. जन्मभर सिनेमाला आणि टीव्हीला संगीत देत आलाय. आमच्या वाट्याला मात्र एकच रडका तुकडा. सकाळपासून वाजवायचा आणि मधेच तोडायचा. माझी दुपारची झोप गेली. शेवटी सुनेला घेऊन भांडायला गेले.

त्यानं ओठावर बोट ठेवून खुर्च्या दाखवल्या. आवाज बंद करून सिनेमा लावलेला होता. एका बाईचा नवरा नुकताच गेलाय, ती उठून खिडकी लावते. हा स्टॉपवॉच दाबून पियानो वाजवायचा, मान हलवायचा, की परत पहिल्यापासून.

सून त्याच्याशी इंग्रजीत बोलली आणि मला म्हणाली, "आई, शुक्रवारी डेडलाइन आहे, आणि हीच जागा त्यांना जमत नाहीये."

"जमेल कशी? त्याला सांग, माझा नवरा गेला तेव्हा काही वाजलं नव्हतं. कुकरची शिट्टी झाली आणि मी उठून गॅस बंद केला."

सुनेनं चाचरत सांगितलं. त्याचे हात थांबले. मग तो हळू काहीतरी बोलला, ते सुनेनं मला मराठीत सांगितलं.

"म्हणतात, चाळीस वर्षं मी लोकांना कधी रडायचं तेच सांगत आलो."

"मग एकदा गप्प बस म्हणावं."

त्यानं पियानोचं झाकण लावलं. दुसऱ्या दिवशी मी तासभर झोपले. तिसऱ्या दिवशी भर दुपारी बेल वाजली. काखेत लॅपटॉप घेऊन तोच उभा, पुढचा प्रसंग मला दाखवायला.