फादरच्या कानाआधीचा कान

सांगलोब गावात शिरला की बोलणी थांबायची. विहिरीवर थांबायची, भट्टीपाशी थांबायची. दोन जावा तावातावानं भांडत असल्या तरी त्याला बघून एकदम हवापाण्यावर यायच्या. कुणाच्या घरी गेला तर मधाच्या दारूचा पहिला पेला त्याच्यापुढे ठेवला जाई. हा मान नव्हता, धास्ती होती. आले नावाच्या नदीच्या त्या काठावरच्या प्रत्येक माणसाचं पाप त्याच्या कानावरून गेलेलं होतं.

तो लहान असताना तिथल्या मूळच्या प्रशियन लोकांच्या गावांनी परक्या गढीवाल्यांविरुद्ध उठाव केला आणि मार खाल्ला. मग घरटी एक मुलगा ओलीस म्हणून गढीत गेला, त्यात हाही होता. गढीत राहायचे ते पांढऱ्या झग्यावर काळा क्रूस लावणारे जर्मन योद्धे. त्यांना ना बायको, ना स्वतःचं घर. दिवसातून सात वेळा प्रार्थना आणि उरलेल्या वेळात देवाच्या नावानं तलवार. त्यांच्या पागेत लीद उचलता उचलता सांगलोब जर्मन शिकला आणि मिसरूड फुटल्यावर गावी परतला तो गढीचा दुभाष्या होऊन.

ईस्टरच्या आधीच्या उपवासात सगळं गाव कबुलीला यायचं. माणूस गुडघे टेकून प्रशियन भाषेत पाप सांगायचा, सांगलोब ते जर्मनमध्ये फादरच्या कानात घालायचा आणि फादरनं दिलेलं प्रायश्चित्त उलट पोचवायचा. ऐकलेलं बाहेर काढणार नाही अशी त्यानं क्रुसावर हात ठेवून शपथ घेतली होती. पण गावात म्हाताऱ्या त्याला "गढीचं कुत्रं" म्हणायच्या, आणि गढीत गढीप्रमुख वॉल्राड म्हणायचा, "शेवटी रक्त त्यांचंच. हा सगळं सांगतो कशावरून?"

त्या वर्षी नवे फादर आले होते, ओर्टविन नावाचे. किडकिडीत, मवाळ माणूस. आधीचे फादर कबुली चालू असताना जांभया द्यायचे. हे मात्र समोरचा बोलायला लागला की मान खाली घालून ऐकत बसायचे. भाषा कळत नाही तर एवढं ऐकतात काय? एकदा एका गुराख्यानं आपल्या सासूबद्दल काहीतरी चावट सांगितलं, तेव्हा सांगलोबनं तोंड उघडण्याआधीच फादरच्या ओठांचा कोपरा हलल्यासारखा वाटला. सांगलोबच्या मनात पाल चुकचुकली. वाटलं, भास असेल. पण त्या दिवसापासून तो त्यांच्या तोंडाकडे बघायला लागला.

अशातच म्हातारा ग्लांदे गेला. गावाचा जुना पुढारी, उठावात लढलेला. त्याला गाडलं, आणि त्याच आठवड्यात गढीच्या पागेतली एक करडी घोडी नाहीशी झाली. पूर्वी मोठ्या माणसाबरोबर त्याचं घोडंही मातीत जायचं, परलोकात पायी चालावं लागू नये म्हणून. गढीवाल्यांनी ती चाल बंद केली होती. सापडलं तर घरं जाळायची, पोरं न्यायची, असा हुकूम होता. वॉल्राडनं स्वार पाठवून गोठे तपासले. काही मिळालं नाही.

कबुलीला ग्लांदेची मुलगी मिल्दे आली. विधवा होती, मधमाश्या पाळायची. गुडघे टेकले आणि सरळ म्हणाली, "घोडी आम्ही नेली. बापाशेजारी उभी केली आणि माती लोटली. जिवंत होती ती. कशी ओरडत होती! तो आवाज कानातून जात नाही रे. सांग त्यांना."

सांगलोबला एक गोष्ट आठवली. गेल्या आठवड्यात मिल्देला गढीच्या दारातून बाहेर पडताना त्यानं पाहिलं होतं. मध विकायला गेली असेल. का वॉल्राडनंच हिला पढवून पाठवलं, हा खरं सांगतो का बघायला? आणि फादरला भाषा येत असेल तर? खरं सांगावं तर गाव पेटेल, खोटं सांगावं तर आपला गळा आवळला जाईल. त्यानं मिल्देकडे पाहिलं. तिच्या हनुवटीवरून पाणी ठिबकत होतं. असं रडणं पढवता येत नाही.

"ती म्हणते," तो जर्मनमध्ये म्हणाला, "उपवासात दूध प्यायले."

फादर आपल्या बुटांकडे बघत म्हणाले :

"तिला सांग, मोठं पाप आहे. ईस्टरपर्यंत फक्त भाकरी आणि पाणी. आणि बापाच्या थडग्यावर मोठा क्रूस रोवायचा. उद्याच. मी येऊन पवित्र पाणी शिंपडीन."

दूध प्यायल्याबद्दल बापाच्या थडग्यावर क्रूस! सांगलोबनं फादरच्या तोंडाकडे पाहिलं. त्यानं प्रायश्चित्त शब्दन्‌शब्द पोचवलं. मिल्दे त्याच्याकडे विषारी नजरेनं बघून निघून गेली.

पुढचे दिवस त्यानं दाराच्या कडीकडे कान लावून काढले. फादरनं वर सांगितलं असेल का? का योग्य वेळेसाठी राखून ठेवलंय? शेवटी बोलावणं आलंच. वॉल्राडसमोर फादरही बसले होते.

"फादर कबुलीतलं बोलणार नाहीत, त्यांना बंधन आहे," वॉल्राड म्हणाला. "तू काही पाद्री नाहीस. घोडीबद्दल कुणी बोललं?"

"नाही, सरकार."

"फादर, याच्यावर तुमचा भरवसा आहे?"

"मला त्यांची भाषा कुठे येते?" ओर्टविन शांतपणे म्हणाले. "हा सांगतो तेवढंच मी ऐकतो. आजवर त्यात खोट दिसली नाही."

"मग म्हाताऱ्याचं थडगं उकरतो. बघूच काय निघतं."

"तिथे आता क्रूस आहे. मी स्वतः जागा पवित्र केलीय. ती उकरायची तर आधी बिशपना विचारावं लागेल."

वॉल्राडनं एकदा या तोंडाकडे, एकदा त्या तोंडाकडे पाहिलं. बिशपशी त्याचं आधीच वाकडं होतं. तो दातओठ खात म्हणाला, "जा, चालते व्हा."

परतताना मिल्देनं सांगलोबला नदीकाठी गाठलं.

"विकलंस ना आम्हाला? शपथ घेतो म्हणे!"

"मी दूध म्हणालो. उपवासात दूध प्यायलीस म्हणालो."

"मग क्रूस कुठून आला? आभाळातून पडला?"

त्यानं मागे वळून गढीकडे पाहिलं. ती बघत राहिली आणि मग तिचे डोळे विस्फारले. "अगं बाई! म्हणजे त्या फादरला..."

त्यानं तिच्या तोंडावर हात ठेवला. "तुला काही कळलेलं नाही. मलाही नाही. हे फुटलं तर उद्या कबुलीला काळं कुत्रं फिरकणार नाही आणि त्यांची मान जाईल."

ती हात बाजूला सारून हळूच म्हणाली, "पण तो गप्प का बसला?"

"तेच तर कळत नाही मला."

ते त्याला कधीच कळलं नाही. दया होती की हिशेब, भाषा आली ती फादरची आई इकडची म्हणून की दाई, त्यानं विचारलं नाही आणि त्यांनी सांगितलं नाही. चारचौघांत ते त्याला "काय म्हणतोय हा?" असं विचारत राहिले आणि तो भाषांतर करत राहिला. गाव वाचलं, पण लोकांनी वेगळीच अटकळ बांधली : आपल्याला सोडलं म्हणजे या सांगलोबनं दुसऱ्या कुठल्या तरी गावाचा बळी दिला असणार.

मिल्देच्या घरी त्याचं जाणं वाढलं. ती त्याच्यासमोर न थांबता बोलायची, कधीकधी फार बोलायची. सुगी झाल्यावर दोघांनी लग्न करायचं ठरवलं, आणि चर्चमध्ये नवीच अडचण उभी राहिली. दुभाष्या एकच, आणि तोच नवरदेव.

"तिला विचार," फादर जर्मनमध्ये म्हणाले, "हा पुरुष तिला मान्य आहे का."

सांगलोबनं विचारलं.

"आधी मला सांग, तो नेमकं काय म्हणाला," मिल्दे म्हणाली. "तू आपल्या पदरचं किती घातलंस?"

मागे उभे असलेले लोक खसखसले. फादरनं खोकल्याचं निमित्त करून तोंडावर हात धरला. सांगलोबनं सगळं पुन्हा, शब्दन्‌शब्द सांगितलं. मग ती "हो" म्हणाली, आणि ते "हो" त्यानं जर्मनमध्ये फादरना पोचवलं.

मेजवानीत खारवलेला मासा आणि भरपूर दारू होती. गढीची माणसं जेवून गेली, गावची माणसं जेवून गेली. जाताना दोन्हीकडच्यांनी आपापसांत हळूच विचारलं की ग्लांदेच्या लेकीनं यालाच का केला, आणि ठरवून टाकलं की यात काहीतरी काळंबेरं असणार.