वानरांना लिहिलेला हुकूम

भोकरच्या बाजारात लिंबाखाली मी हुकूमनवीस म्हणून बसायचो. आमच्या शाईनं लिहिलेलं जनावरं ऐकतात, झाडं ऐकतात, वारासुद्धा ऐकतो. माणसं तेवढी ऐकत नाहीत. उस्तादांची ताकीद एकच होती: घरात बोलतोस तसं लिही. मला त्यात कमीपणा वाटायचा. शिकलेला होतो ना मी!

एकदा उमरीकडची एक मावशी आली. वानरं तिचा हरभरा खात होती. उस्ताद जेवायला गेले होते. मी ऐटीत लिहिलं, 'सदर हरभऱ्याबाबत आपल्या स्तरावर नियमानुसार योग्य ती कार्यवाही करावी.' तिनं तो कागद बांधावरच्या बाभळीला टांगला.

तिसऱ्या दिवशी ती तणतणत आली.

"काय लिहून दिलास रे मुडद्या? वानरं रांगेत बसून राहिलीत. एकेक घाटा सातजणं हुंगतात, मग म्हाताऱ्या वानरापुढं ठेवतात. ते मान हलवतं आन् पुन्हा पहिल्याकडं धाडतं. दुपारी समदे उठून जेवायला जातात. जेवतात काय? माझाच हरभरा!"

उस्तादांनी माझ्याकडं न बघता नवा कागद घेतला. 'बाबांनो, लेकरांच्या तोंडचं हाय. जावा.' वानरं त्याच दिवशी गेली.

म्हातारं तेवढं राहिलं. अजून ते रोज अकराला बांधावर येतं आणि पाचला जातं. खात काही नाही, करतही काही नाही. त्याला हलवणारा हुकूम उस्तादांनाही लिहिता आला नाही.