परातीतला समुद्र

त्या देशात समुद्राकडे बघणाऱ्याचे डोळे काढत. देश मी आणि थोरल्या बहिणीने शाळेत असताना रचला होता. त्याला नाव नव्हते. वहीच्या मधल्या पानावर नकाशा होता. समुद्र काळा होता आणि मधूनच त्याचा एखादा तुकडा निळा पेटायचा. का पेटतो, हे तिथे कोणालाच ठाऊक नव्हते. शोधायला निघालेल्या नावाड्यांना राजा बुडवून मारायचा, त्या राजाला त्याचा भाऊ. आम्ही दोघांनी पुष्कळ माणसे मारली, कारण मात्र ठरवले नाही.

ते तिने गेल्या नवरात्रात ठरवले.

घटस्थापनेच्या आदल्या दिवशी ती सकाळच्या बसने एकटीच माहेरी, कुंभकोणम्‌ला आली. डाव्या हाताची दोन बोटे एकत्र बांधलेली होती. "दारात सापडली," म्हणाली. दार कोणी लावले, ते तिने आईला सांगितले. अप्पांनी गल्लीत सांगितले की लेक सणाला आली आहे. विजयादशमीला जावई न्यायला येणार होते. परतीची दोन तिकिटे अप्पांनीच काढून ठेवली होती.

तिला परत जायचे नव्हते. हे तिने अप्पांना दोनदा सांगितले. अप्पा निवृत्त प्राध्यापक. दोन्ही वेळा उत्तर एकच: "संसारात होतं असं."

मला तिने त्याआधी, उन्हाळ्यात फोन केला होता. मी तेव्हा चेन्नईत बातमीदार होतो. "कोणी पाहिलं का?" मी विचारले. सवयीचा प्रश्न. तिने फोन ठेवला.

आमच्याकडे नवरात्रात कोलू मांडतात: लाकडी पायऱ्यांवर बाहुल्या आणि पायथ्याशी एखादा देखावा, बाग किंवा बाजार. सर्वांत वर लग्नात माहेरून दिलेली नवरा-नवरीची लाकडी जोडी असते. बहिणीच्या पिशवीतून फक्त नवरी निघाली. विजयादशमीच्या संध्याकाळी घरची बाई एक बाहुली आडवी निजवते आणि कोलू संपतो. तोवर तो उभा. आणि कोलू उभा असताना घरात असलेल्या लेकीने उंबरा ओलांडून सासरी जायचे नाही, ही आमच्या घरची रीत.

देखावा बहिणीने केला. पितळेची मोठी परात, तळाशी काळे कापड, वर पाणी. खोट्या नोटा ओळखायचा जांभळा दिवा तिने बाजारातून आणला. औषधाच्या रिकाम्या कुप्यांत कुनैनचे कडू सोडापाणी भरून, बुचे लावून त्या पाण्यात सोडल्या. दिवा लावला की प्रत्येक कुपी निळी पेटे.

पहिल्या दिवशी दुपारपासून बायका हळदीकुंकवाला आल्या.

"जोडीतला तो कुठाय गे?" जवळच्या साक्कोट्टैहून रिक्षाने आलेल्या मामीने विचारले.

"त्याला रजा नाय मिळाली, मामी."

बायका हसल्या. "आणि हा काय, क्षीरसागर?"

"नाय. आमचा समुद्र. तिथं घरात कोणाला मारलं की तेवढं पाणी पेटतं."

"अय्यो, म्हणजे त्या गावाला विजेचं बिलच नाय!" दुसरी म्हणाली. पुन्हा हसल्या.

रोज सकाळी ती कुप्या वाढवी, जसजशा आठवत तशा. जागाही नेमक्या ठरवी आणि कोणी विचारले तर बोट दाखवून सांगे: "ही कुकरच्या झाकणाची खाडी. हे जिन्याचं टोक. इथं पट्टा." चौथ्या दिवसापासून बायका हसेनाशा झाल्या. हातातले सुंडल, म्हणजे हरभऱ्याची उसळ, तसेच घेऊन उभ्या राहत. मामी रोज येऊ लागली. सहाव्या दिवशी तिने बांधलेल्या बोटांकडे पाहिले, मग एका कुपीकडे. "ही दाराची?"

"दाराची."

कडेला एक कुपी वेगळी होती. ती कसली, मी विचारले.

"तुझ्या फोनची," ती म्हणाली.

विजयादशमीला चारच्या सुमारास मेव्हणे आले. अप्पांनी खुर्ची दिली, आईने कॉफी दिली. खोलीत सात बायका होत्या. मेव्हणे कॉफी घेऊन कोलूपाशी आले. "लाइटिंग जोरात हाय. हे दिवे कसले?"

बहीण खाली बसून समईची वात सारत होती. तिने वर न पाहता सांगायला सुरुवात केली. कुकर. जिना. पट्टा.

"बंद कर," ते हळू आवाजात म्हणाले.

"हे गरम तेल. थोडं चुकलं, खांद्यावर पडलं."

त्यांनी परात लाथेने उलटवली. पाणी बायकांच्या पायांवर आले, कुप्या फुटल्या. मग डाव्या हाताने तिची वेणी धरली आणि तिचा चेहरा खालच्या पायरीवर आपटला. एकदा. वरच्या बाहुल्या कोसळल्या. दुसऱ्यांदा. दात तुटल्याचा आवाज मला ऐकू आला. मी चार पावलांवर होतो आणि मोजत होतो. तिसऱ्यांदा आपटण्याआधी मामीने पितळेचा डाव त्यांच्या मनगटावर हाणला. त्यांनी तिला ढकलले, ती भिंतीवर आदळली. तेव्हा मी पुढे गेलो. मी आणि शेजारीण, आम्ही दोघांनी मिळून त्यांना ओढले. माझ्या हाताला ते चावले.

नंतर ते ओसरीवर जाऊन बसले आणि रुमालाने शर्ट पुसू लागले.

बहिणीच्या तोंडातून रक्त गळत होते. अप्पांनी घड्याळ पाहिले. मग म्हणाले, "तोंड धुऊन घे. गाडीची वेळ जाली." आणि आईला, "बाहुली निजवा."

आईने ओल्या फरशीवरून लाकडी नवरी उचलली. पदराने पुसली. निजवण्यासाठी ती खाली वाकेल, असे आम्हा सर्वांना वाटले. तिने चौरंग ओढला, त्यावर चढली आणि बाहुली सर्वांत वरच्या पायरीवर उभी केली.

"कोलू उभा हाय," आई म्हणाली. "लेक जात नाय."

"हे शास्त्र नव्हे," अप्पा म्हणाले.

"तर मग तुम्ही निजवा."

बाहुली निजवायचा मान बाईचा. अप्पांनी चौरंगाकडे पाहिले. मामी भिंतीला टेकून उठली आणि खोलीच्या मध्यात मांडी घालून बसली. बाकीच्या बायकाही एकेक करून बसल्या, ओल्या फरशीवरच. ओसरीवरून मेव्हण्यांनी दोनदा हाक मारली. गाडी गेली.

त्या रात्री मी पोलिसांसाठी बहिणीचा जबाब लिहून घेतला. पाहिले कोणी, या रकान्यात सात बायकांच्या सह्या आल्या आणि आठवी माझी.

आता संक्रांतीचा पोंगलही होऊन गेला आहे. बाहुल्या पायऱ्यांवरच आहेत. तुटलेल्यांना आईने दोऱ्याने बांधले आहे. ती रोज धूळ झटकते, नैवेद्य दाखवते, आणि दिवाणखान्यात वावरायला जागा नाही म्हणून आम्ही अंग चोरून जातो. मेव्हणे दोनदा येऊन गेले. दुसऱ्यांदा दार अप्पांनी उघडले. कडीवरचा हात त्यांनी काढला नाही.

"कोलू उभा हाय," ते म्हणाले आणि दार लावले.