फॅट लागला, डिग्री लागली नाही

माझ्यावर ज्यांचे उपकार आहेत त्यांची आठवण काढायला बसले की सगळ्यात आधी एक म्हैस समोर येते. माणसं तिच्या मागून येतात. यात माणसांचा अपमान नाही. ती म्हैस नसती तर मी गणिताची शिक्षिका झाले असते का, याची मला खरोखर शंका आहे.

बारावीच्या गणितात पहिलाच धडा तर्कशास्त्राचा असतो. तो मी बरीच वर्षं शिकवते आहे. आकडेमोड नाही, समीकरणं नाहीत, नुसती वाक्यं. त्यामुळे पोरं खूश असतात. मग संयुक्त विधानाचा नकार येतो आणि सगळा वर्ग तोंडावर आपटतो. दोन विधानं ‘आणि’ने जोडलेली असली, तर त्या जोडीला नाही कसं म्हणायचं? दरवर्षी निम्मा वर्ग दोन्हींना ‘नाही’ लावून मोकळा होतो. बीडच्या कॉलेजात शिकताना मीसुद्धा अशीच मोकळी झाले होते.

आमच्या सरांनी फळ्यावर लिहिलं होतं, ‘आज एसटी आली आणि नळाला पाणी आलं.’ दुष्काळाचं वर्ष होतं. बीडच्या नळाला पाणी कधी यायचं ते नळालाच ठाऊक, म्हणून वर्ग हसला. सर म्हणाले, “हसू नका. हे वाक्य खोटं पाडायला कमीत कमी काय घडावं लागेल ते सांगा.” मी ताडकन उभी राहिले, “एसटी आली नाही आणि पाणीही आलं नाही.”

“अगं, एवढी नासधूस कशाला?” सर म्हणाले. “एक मोडलं तरी वाक्य मोडलं. एसटी आली नाही, किंवा पाणी आलं नाही. बस.”

माझा स्वभाव भांडकुदळ. मी म्हटलं, एसटी आली असेल तर वाक्य निम्मं तरी खरं आहे ना? सर म्हणाले, “निम्मं खरं असं आपल्याकडे नसतं. ‘आणि’ म्हटलंस की दोन्हींची हमी घेतलीस.” मी तासभर वाद घातला आणि त्यांनी तासभर घालू दिला. जर-तरच्या वाक्यावरही तसंच. ‘टँकर आला तर मी आंघोळ करीन,’ असं सर म्हणाले, तर ते खोटे कधी ठरतील? मी म्हटलं, आंघोळ केली नाही तर. “टँकर आलाच नाही आणि मी आंघोळ केली नाही, तर माझा वास येईल, पण मी खोटा ठरणार नाही,” सर म्हणाले. “टँकर येऊनही मी कोरडा राहिलो, तरच मी खोटा.” त्या सरांचे आभार मानायचे राहून गेले. बारावीनंतर आमची गाठ पडली नाही.

आमचं गाव चौसाळ्यापासून आत. वडील परळीच्या वीज केंद्रात रोजंदारीवर होते, महिन्या-दोन महिन्यांनी यायचे. घरी माय आणि एक म्हैस. मी बीडला मुलींच्या सरकारी वसतिगृहात राहायचे आणि शनिवारी घरी यायचे. आमचं घर बौद्ध वस्तीतलं. आमच्याकडचं दूध गावात कुणी चहाला घ्यायचं नाही. तोंडावर कुणी काही बोलत नसे. माय दारात गेली की नेमकं त्याच दिवशी त्यांना दूध लागत नसे, एवढंच. पुढे गावात सहकारी दूध संस्था निघाली. डेअरीच्या कॅनला जात विचारायची सोय नव्हती. माप झालं, फॅट लागला, डिग्री लागली, की पाटलांचं दूध आणि मायचं दूध एकाच कॅनमध्ये. माय ओतून झाल्यावरही क्षणभर कॅनमध्ये बघत उभी राहायची. लहानपणी मला वाटायचं, ती माप बघते.

संस्थेचे सेक्रेटरी गावातल्या मोठ्या शेतकरी घरातले होते. सगळे त्यांना आबा म्हणत. माणूस कडक, स्वतःच्या सख्ख्या भावाचं दूधसुद्धा परत पाठवलेलं. दुधात लोणी किती ते फॅटवरून कळायचं आणि दूध दाट की पातळ ते डिग्रीवरून. डिग्रीसाठी काचेचा लॅक्टोमीटर दुधात सोडायचे. पातळ दुधात तो खाली बुडायचा. फॅट आणि डिग्री, दोन्ही ठरलेल्या आकड्याला लागले तरच दूध घ्यायचं, असा नियम. परत केलेलं दूध कुणाचं, ते नाव आणि कारण डेअरीच्या फळ्यावर खडूनं लिहिलं जाई. तीनदा नाव लागलं की सभासदत्व रद्द. दर बैठकीत आबा बजावून सांगायचे, “पाणी घातलं की फॅट बी उतरतो आन डिग्री बी उतरती. दोन्ही उतरत्यात. मला येड्यात काढू नका.”

त्या वर्षी पाऊस झालाच नाही. कडबा संपला आणि गावाबाहेर जनावरांची चारा छावणी लागली. आमची म्हैस तिथं गेली, तिच्याबरोबर मायही गेली. चार बांबूंवर गोणपाट टाकून तिनं सावली केली होती. जनावरांना सकाळ-संध्याकाळ ऊस आणि उसाचं वाढं, म्हणजे वरचा हिरवा शेंडा. पेंड नाही, सरकी नाही. माय तिथंच धार काढायची आणि किटली घेऊन डेअरीपर्यंत चालत जायची.

एका शनिवारी मी फाट्यावर उतरून डेअरीसमोरून निघाले होते. फळ्यावर मायचं नाव दिसलं. पुढे दोनचा आकडा आणि एकच शब्द, ‘पाणी’.

मला राग आला तो आबांचा नाही, मायचा. म्हैस आटत चालली होती. घालत असेल तांब्याभर, माझं शिक्षण निभावं म्हणूनच घालत असेल, असं मी मनात धरलं, आणि छावणीपर्यंत पोचेतो तिला माफही करून टाकलं. सतराव्या वर्षी माणूस फार उदार असतो. भीती मात्र खरी होती. आणखी एकदा नाव लागलं की मायचं दूध त्या कॅनमध्ये पडणार नव्हतं, आणि गावात तिचं नाव कायमचं खराब होणार होतं. त्या संध्याकाळी मी तिच्याशी फळ्याबद्दल अवाक्षर काढलं नाही. तीही बोलली नाही.

रविवारी दुपारी ती टँकरकडे पाण्याला गेली. मी गोणपाटाखाली सरांनी दिलेला अभ्यास करत होते, दहा वाक्यांचे नकार. मायनं दुधाचं कार्ड माझ्याकडे सांभाळायला दिलं होतं. रोजचं दूध, फॅट आणि डिग्री त्यावर आबांच्या हातानं लिहिलेली. सहज चाळलं. छावणीत यायच्या आधी डिग्री अठ्ठावीस होती. मग सत्तावीस, सव्वीस, आणि ज्या दोन दिवशी दूध परत आलं त्या दिवशी चोवीस. फॅट मात्र साडेसहाचा सातावर गेला होता.

मी वहीच्या मागच्या पानावर लिहून बघितलं. दूध घेतलं, म्हणजे फॅट लागला आणि डिग्री लागली. दूध परत केलं, म्हणजे फॅट लागला नाही किंवा डिग्री लागली नाही. एक मोडलं तरी पुरे. त्यात ‘पाणी’ कुठेच नव्हतं. ते आबांनी सवयीनं लिहिलं होतं. आता आबांचंच वाक्य घेतलं: पाणी घातलं तर दोन्ही उतरतात. इथं दोन्ही उतरले होते का? नाही. डिग्री उतरली होती, फॅट उतरला नव्हता, म्हणजे ‘दोन्ही उतरले’ हे खोटं. मग आबांचं वाक्य खरं धरलं तर पाणी घातलेलं असूच शकत नव्हतं. मी एवढ्या मोठ्यानं ओरडले की म्हैस दाव्याला हिसका देऊन उभी राहिली.

संध्याकाळी मायच्या मागोमाग मी डेअरीत गेले. रांगेत दहा-पंधरा माणसं होती. मायची पाळी आली तशी मी पुढे झाले आणि म्हटलं, “आबा, हे दूध परवा कावून परत केलं?”

“डिग्री लागली न्हाई,” आबा मान वर न करता म्हणाले.

“मग फळ्यावर ‘डिग्री लागली न्हाई’ असं लिवा. पाणी कावून लिवलं? पाणी घातलं की दोन्ही उतरतं, असं तुमीच सांगता. ह्या कार्डावर फॅट कुटं उतरलाय ते दावा.”

मागून कुणीतरी म्हणालं, “पोरगी बीडला जाऊन वकील झाली का बे?” माणसं हसली. माय माझा हात ओढत होती. दुसरा एक जण म्हणाला, “आबा, पाणी घालून वरून कुणाची तर साय घातली आसंल.” हा मुद्दा मात्र खरा होता. कार्डावरून ते सुटत नव्हतं. मी कार्ड तसंच आबांपुढे धरून ठेवलं.

आबांनी कार्ड हातात घेतलं. मागची पानं उलटली, पुढची उलटली. आकड्यांवरून एकेक करत बोट फिरवलं. मग म्हणाले, “उद्या सकाळी म्या सोता छावणीत येतो. धार माज्यासमोर काडायची. तवर हे नाव तिसऱ्यांदा लागायचं न्हाई.”

सोमवारी सकाळची एसटी मी सोडली. उजाडताना आबा सायकलवरून आले, लॅक्टोमीटर टॉवेलात गुंडाळलेला. रिकामी किटली त्यांनी स्वतः उलटी करून बघितली. मायनं धार काढली. आबा तिच्यापासून हातभर अंतरावर उकिडवे बसले होते. माझ्या आठवणीत आबांच्या घरातलं कुणी आमच्या म्हशीच्या एवढं जवळ आलं नव्हतं. दूध थोडं निवल्यावर त्यांनी लॅक्टोमीटर सोडला. चोवीस. त्यांनी पुन्हा सोडला. चोवीसच. मग किटली त्यांनी स्वतः सायकलला अडकवली आणि आम्ही दोघी मागून चालत डेअरीत गेलो. तिथं सगळ्यांसमोर त्यांनी फॅट काढला. सात.

आबांनी मशीन पुसलं. टॉवेल झटकला. मग त्याच टॉवेलानं फळ्यावरचं मायचं नाव पुसलं आणि रांगेकडे वळून म्हणाले, “ऐका रे. हे पाण्याचं दूध न्हाई. हे उपाशी म्हशीचं दूध हाय. नुसतं वाढं खाऊन म्हैस दुसरं काय देणार? चूक माजी हाय. बाई, तुमी मनात ठिवू नका.”

मायला त्यांनी ‘तुमी’ म्हटलं. पुढे छावणीत जनावरांना थोडी पेंड मिळावी म्हणून त्यांनी तालुक्याला दोन खेपा घातल्या, आणि ती मिळेपर्यंत फॅट लागलेलं पण डिग्री न लागलेलं दूध परत न करता वेगळ्या कॅनमध्ये घ्यायचं ठरलं. मी नंतर बरीच शिकलेली माणसं बघितली. स्वतःच्या वाक्याला भर गर्दीत नाही म्हणणारी फार थोडी भेटली. आबांना मी वर्षानुवर्षं घाबरत आले होते. त्या दिवसापासून त्यांच्याबद्दल मला फक्त माया वाटत आली.

परतताना मी हवेत होते. मायला सगळं समजावून सांगत होते: ‘आणि’चा नकार, ‘किंवा’ कुठून येतो, जर-तरचं वाक्य उलटं कसं वाचायचं. तिनं शांतपणे ऐकलं. अधूनमधून “मंग?” म्हणायची. छावणी दिसायला लागली तशी ती म्हणाली, “म्हंजी हे गणित सुटलं ते रविवारी दुपारी.”

“हा.”

“मंग शनवारी सांजच्याला, तू फळा बगून आलतीस तवा, तुला काय वाटत हुतं?”

मी चालता चालता थांबले. मायनं आवाज चढवला नाही. ती म्हणाली, “तू कार्ड बगितलं. वही बगितली. गावासमोर आबांना इचारलंस. लई भारी केलंस, माजी मान वर केलीस. पर मला तू इचारलंच न्हाईस.”

रस्त्याच्या मधोमध मी रडले. माय किटली खाली ठेवून थांबून राहिली. तिला तिथून पुढे चालत जाता आलं असतं. माझा सगळा शहाणपणा तिथंच टाकून निघून जायचा तिला पूर्ण हक्क होता. ती गेली नाही. मी डोळे पुसेपर्यंत उभी राहिली, म्हणून मला ते विचारता आलं.

“माय, पाणी घातलतंस का?”

“न्हाई,” माय म्हणाली.